सिनेमाचं जुनं रीळ हाती आलं तर: प्रिंट तपासण्यापासून स्कॅनपर्यंत

ठाण्यात वंदना टॉकीजचं नाव आता बहुतेकांना एसटीच्या थांब्यामुळे माहीत असतं. पडद्यामागे फिरणारी ३५ मिमीची रिळं मात्र अजून कुठे ना कुठे पडून आहेत: बंद थिएटरच्या केबिनमध्ये, वितरकाच्या गोदामात, टुरिंग टॉकीजवाल्याच्या घरी, चोरबाजारात, भंगारात. असं रीळ हाती आलं की पहिली इच्छा होते ती ते मशीनवर चढवून बघायची. ती आवरा. थिएटरचा प्रोजेक्टर फिल्म दर सेकंदाला २४ वेळा झटक्याने ओढतो. आकसलेली, ठिसूळ झालेली प्रिंट एका खेळातही परफोरेशनपाशी, म्हणजे कडेच्या भोकांपाशी, फाटू शकते. नेमका फाटलेला तो तुकडा दुसऱ्या कुठल्याच प्रिंटमध्ये नसेल, तर तो कायमचा गेला.

या कामात एक गोष्ट शेवटपर्यंत लक्षात ठेवायची. प्रिंट सुधारायची नसते, ती आहे तशी नोंदवायची आणि आहे तशी उतरवायची. सुधारणा जी करायची ती नंतर, प्रतीवर.

डबा उघडण्याआधी

फिल्मचा पारदर्शक पट्टा, म्हणजे बेस, तीन प्रकारचा असतो: नायट्रेट (जुना, सहज पेटणारा), अ‍ॅसिटेट आणि पॉलिएस्टर. त्यामुळे डबा घरात नेऊ नका. गॅलरीत किंवा हवा खेळती असलेल्या जागी उघडा आणि वास घ्या, पण नाक डब्यात घालून नाही. व्हिनेगरचा आंबट वास आला तर फिल्म अ‍ॅसिटेटची आहे आणि तिचं विघटन सुरू झालं आहे. उग्र, नाकाला झोंबणारा वास, चिकट झालेले थर, तपकिरी भुकटी किंवा फेसासारखा थर दिसला तर ती नायट्रेट असू शकते. मग काम तिथेच थांबवायचं.

नायट्रेट हा हौशी माणसाचा विषयच नाही. ती जळताना स्वतःच ऑक्सिजन पुरवते, त्यामुळे पाण्याने किंवा वाळूने विझत नाही, आणि तिचा धूर विषारी असतो. खराब झालेली नायट्रेट ४० अंश सेल्सिअसच्या आसपासही आपोआप पेटू शकते. एप्रिल-मे महिन्यात पत्र्याच्या शेडखाली हे तापमान सहज गाठलं जातं. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेटच्या साठ्याला लागलेल्या आगीत मराठी-हिंदी सिनेमाचा अमूल्य ठेवा गेला. अशी रिळं लोकलने किंवा रिक्षाने हलवू नका, बिल्डिंगमध्ये ठेवू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी संपर्क साधा आणि पुढे काय करायचं ते त्यांनाच विचारा.

नायट्रेट ओळखायची कशी? कोडॅकने नायट्रेट फिल्म बनवणं १९५१ मध्ये थांबवलं. त्यामुळे पन्नाशीच्या दशकाच्या सुरुवातीपर्यंतच्या ३५ मिमी प्रिंटवर संशय धरायचा. १६ मिमीची फिल्म मात्र सुरुवातीपासून सेफ्टीच, म्हणजे सहज न पेटणारी, होती. फिल्मच्या कडेला 'सेफ्टी' किंवा 'नायट्रेट' असं छापलेलं असतं, पण इथे नवखा माणूस हमखास फसतो. निगेटिव्हच्या कडेची अक्षरं प्रिंट काढताना प्रिंटवरही उमटतात. पारदर्शक कडेवर काळी अक्षरं असतील तर ती या फिल्मची स्वतःची. काळ्या पट्ट्यावर पांढरी अक्षरं असतील तर ती निगेटिव्हवरून आलेली. म्हणजे नायट्रेट प्रिंटवर पांढऱ्या अक्षरांत 'सेफ्टी' असूच शकतं, आणि उलटही. काळी अक्षरं सापडेपर्यंत निर्णय घेऊ नका.

अ‍ॅसिटेट आणि पॉलिएस्टर यांतला फरक सोपा आहे. गुंडाळलेलं रीळ दिव्यासमोर आडवं धरून कडेने पाहा. पॉलिएस्टरच्या रिळातून उजेड आरपार येतो, अ‍ॅसिटेटचं रीळ काळं दिसतं. पॉलिएस्टर हाताने फाटत नाही, पण ही परीक्षा लीडरच्या, म्हणजे रिळाच्या तोंडाशी असलेल्या कोऱ्या पट्टीच्या, टोकावरच घ्या. हे आधी कळायला हवं, कारण सिमेंटचा जोड (फिल्म रसायनाने विरघळवून चिकटवलेला) अ‍ॅसिटेटवर बसतो, पॉलिएस्टरवर बसत नाही.

प्रिंट कधीची, कोणती

सिनेमा १९५८ चा असला म्हणून प्रिंट १९५८ ची असतेच असं नाही. सुरुवातीचं सेन्सॉर सर्टिफिकेट नीट वाचा. त्यावर रिळांची संख्या आणि मीटरमध्ये लांबी असते. तुमच्याकडे किती भरतंय ते याच आकड्याशी ताडायचं. मंडळाच्या नावात 'सेन्सॉर'ऐवजी 'सर्टिफिकेशन' असेल तर ते सर्टिफिकेट जून १९८३ नंतरचं. 'यूए' हा वर्गही तेव्हापासूनचाच. सर्टिफिकेटवर त्रिकोण काढलेला असेल तर मंडळाने दृश्यं कापली आहेत असं समजायचं.

कोडॅकच्या कडेला गोल, चौकोन, त्रिकोण अशी वर्षाची खूण असते, पण जुन्या खुणा दर २० वर्षांनी पुन्हा वापरल्या गेल्या. एकट्या खुणेवर वर्ष ठरवू नका. उटीच्या हिंदुस्तान फोटो फिल्म्सची 'इंदू' दिसली तर प्रिंट साठच्या दशकाच्या अखेरीनंतरची. एकाच सिनेमाच्या १४ रिळांत तीन कंपन्यांची फिल्म सापडणं आपल्याकडे नेहमीचं आहे. खराब झालेलं रीळ बदलून नवं काढलं जायचं, त्यामुळे प्रत्येक रिळाची नोंद वेगळी ठेवा.

हिशेबाचे आकडे पाठ करून ठेवा. ३५ मिमीत एका फुटात १६ फ्रेम असतात आणि मिनिटाला ९० फूट फिल्म जाते. १००० फुटांचं रीळ ११ मिनिटं चालतं. अडीच तासांचा सिनेमा म्हणजे १३,५०० फूट, म्हणजे २,१६,००० फ्रेम. ५ सेंटिमीटरच्या गाभ्यावर गुंडाळलेल्या भरल्या १००० फुटी रिळाचा व्यास सुमारे २५ सेंटिमीटर भरतो. डबा उघडताक्षणी पट्टी लावली तर रीळ पूर्ण आहे की अर्धं, याचा अंदाज येतो.

तपासणीचं टेबल

हाताने फिरवायचे दोन रिवाइंडर, मध्ये पांढऱ्या एलईडीची उजेडाची पेटी, १० पट भिंग, ५० सेंटिमीटरची स्टीलची पट्टी, मऊ पेन्सिल आणि वही. मोटरचा रिवाइंडर नको. हाताला अडथळा लगेच जाणवतो, मोटरला जाणवत नाही. सुती हातमोजे तुटक्या भोकांत अडकतात, म्हणून पातळ नायट्राइल मोजे घ्या आणि फिल्म फक्त कडेने धरा.

हे काम डिसेंबर ते फेब्रुवारीत उरका. ठाणे-नवी मुंबईत पावसाळ्यात हवेतली आर्द्रता दिवसचे दिवस ८० टक्क्यांच्या वर असते. त्या हवेत इमल्शन, म्हणजे चित्र धरून ठेवणारा जिलेटिनचा थर, फुगतं, थर एकमेकांना चिकटतात आणि सोडवताना चित्र उचकटून येतं. जून ते सप्टेंबरमध्ये एसी आणि डीह्युमिडिफायर दोन्ही चालू असलेली बंद खोली नसेल तर डबे उघडूच नका.

पहिलं मोजमाप आकसण्याचं. नव्या पॉझिटिव्ह फिल्मवर १०० परफोरेशनचं अंतर ४७५ मिमी असतं. एका भोकाच्या वरच्या कडेपासून १०१ व्या भोकाच्या वरच्या कडेपर्यंत मोजा. ४७१ किंवा जास्त भरलं तर आकसणं ०.८५ टक्क्याच्या आत आहे. ४७० किंवा कमी भरलं तर दात असलेल्या चाकावरून ती फिल्म नेऊच नका, नुसत्या रोलरवर चालणारा स्कॅनर लागेल. मोजमाप रिळाच्या सुरुवातीला, मध्ये आणि गाभ्याजवळ अशा तीन ठिकाणी घ्या. बाहेरचे थर जास्त आकसलेले असू शकतात.

मग आम्लपणा. एडी स्ट्रिप नावाच्या निळ्या कागदी पट्ट्या मिळतात. एक पट्टी डब्यात ठेवून झाकण लावा आणि २४ तासांनी रंग पाहा. निळी राहिली तर ठीक, हिरवट झाली तर विघटन सुरू, पिवळी झाली तर रीळ वाचवायला फार वेळ उरलेला नाही. पट्टीच्या श्रेणीत १.५ हा आकडा महत्त्वाचा. तिथपासून बाहेर पडणारं अ‍ॅसिटिक आम्लच पुढच्या विघटनाला चालना देतं आणि वेग झपाट्याने वाढतो. अशी रिळं बाकीच्यांपासून वेगळी काढा आणि स्कॅनच्या रांगेत सर्वांत पुढे लावा, सिनेमा तुमचा आवडता असो वा नसो.

आता फिल्म सावकाश एका बाजूकडून दुसरीकडे गुंडाळा. एका हाताच्या अंगठ्या-तर्जनीत कड हलकी धरली की तुटकी भोकं आणि चिरा बोटांना कळतात. प्रत्येक जोड, प्रत्येक फाटलेलं परफोरेशन फूट आणि फ्रेममध्ये लिहा: 'रीळ ६, ४१२ फूट ७ फ्रेम, सिमेंटचा जोड, संवाद तुटतो'. कंटाळवाणं वाटतं, पण पुढे दुसरी प्रिंट मिळाली तर कुठलं दृश्य कुठून घ्यायचं हे याच वहीतून ठरतं.

ओरखड्यांचा रंग बघायला शिका. प्रेक्षक ज्याला 'पडद्यावर पाऊस पडतोय' म्हणायचे, त्या काळ्या रेघा बहुधा बेसवरच्या ओरखड्यांच्या. त्या पसरट उजेडाने बऱ्याच झाकल्या जातात. रंगीत प्रिंटवरची हिरवी रेघ म्हणजे इमल्शनचा सर्वांत वरचा मॅजेंटा (किरमिजी) थर खरवडला गेला. त्याखालचा सायनही (निळसर हिरवा) गेला तर रेघ पिवळी दिसते, सगळंच गेलं तर पांढरी. तसंच ठिपक्यांचं. काळा ठिपका म्हणजे या प्रिंटवरची धूळ, जी पुसता येईल. पांढरा ठिपका म्हणजे प्रिंट काढताना निगेटिव्हवर असलेली धूळ, आणि ती कितीही पुसली तरी जाणार नाही. हे माहीत नसलं की माणूस पांढऱ्या ठिपक्यावर फडका घासत बसतो आणि नवा ओरखडा पाडतो.

दुरुस्ती आणि सफाई

दुरुस्ती स्कॅनरमधून फिल्म सुखरूप जाईल एवढीच करा. जुने जोड सुटत असतील तर परफोरेशन असलेली पॉलिएस्टर स्प्लायसिंग टेप वापरा, जोडाच्या दोन्ही बाजूंना दोन-दोन फ्रेम. फ्रेम कापून सरळ जोड करायचा मोह टाळा. थिएटरच्या ऑपरेटरला पुढचा खेळ वेळेवर लावायचा असायचा, तुम्हाला तशी घाई नाही. घरातली चिकटपट्टी कधीही नको. तिचा गोंद काही वर्षांत पाघळतो आणि शेजारच्या थरांना लागतो. सुरुवातीला आणि शेवटी दोन-तीन मीटर पांढरा लीडर जोडा आणि त्यावर सिनेमाचं नाव, रीळ क्रमांक, 'सुरुवात' किंवा 'शेवट' असं लिहा.

सफाईसाठी ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल. औषधाच्या दुकानात मिळणारं ७० टक्क्यांचं घेऊ नका, त्यातल्या पाण्याने इमल्शन मऊ होतं. सुती पांढरं मखमली कापड जेमतेम ओलसर करा, फिल्म दोन्ही बाजूंनी हलकी धरून सावकाश ओढा आणि गुंडाळण्याआधी ती पूर्ण वाळू द्या. कापड दर काही फुटांनी नव्या जागी फिरवा, नाहीतर अडकलेला एक खडा पूर्ण रिळावर रेघ मारत जातो. खिडक्या उघड्या, जवळ ज्योत किंवा ठिणगी नाही. मॅग्नेटिक ट्रॅक (आवाजाची चुंबकीय पट्टी) असलेल्या प्रिंटला हे अल्कोहोल लावू नका. बुरशीने इमल्शन खाल्लं असेल तर कोरडीच सफाई करा, कारण तिथलं जिलेटिन पाण्यात विरघळण्याइतकं कमकुवत झालेलं असतं. जुनी ऑपरेटर मंडळी कार्बन टेट्राक्लोराइडची आठवण काढतात. ते यकृताला घातक आहे, त्याच्या वाटेला जाऊ नका.

स्कॅन

व्यावसायिक स्कॅनर परवडत असेल तर वाचवायला अवघड रिळं तिकडेच द्या. बाकीच्यांसाठी घरगुती यंत्र बांधता येतं, आणि त्यात एक सुंदर योगायोग आहे. फुलफ्रेम कॅमेऱ्याचा सेन्सर ३६ × २४ मिमी असतो. एकास एक मॅक्रो लेन्स (वस्तू सेन्सरवर मूळ आकारातच उमटवणारी) लावली की ३५ मिमी फिल्मची पूर्ण रुंदी, दोन्हीकडची भोकं आणि साउंडट्रॅकसकट, त्यात बसते. एका फ्रेमची उंची १९ मिमी, म्हणजे वर-खाली शेजारच्या फ्रेमचा अडीच-अडीच मिमी भागही येतो. कॅमेरा २४ मेगापिक्सेलचा असेल तर आडवे ६००० पिक्सेल मिळतात आणि २२ मिमी रुंद चित्रावर सुमारे ३,६७० पिक्सेल येतात. थिएटर प्रिंटमध्ये जेवढा तपशील असतो त्याला एवढं पुरतं.

फिल्म ओढायला दात नसलेले रबरी रोलर, गेटपाशी (फोटो घेताना फिल्म जिथे थांबते तिथे) ती सपाट धरणाऱ्या घासून गुळगुळीत केलेल्या कडा, आणि भोकं मोजणारा इन्फ्रारेड सेन्सर. चार भोकं मोजली की एक फोटो. रोलर आणि गेट वागळे इस्टेट किंवा रबाळ्याच्या एखाद्या लेथवाल्याकडून करून घेता येतात. रोलर मध्ये खोलगट हवा, चित्राच्या भागाला त्याचा स्पर्श होता कामा नये. गेटवर बोट फिरवून पाहा. बोटाला जाणवणारी धार फिल्मला कापणारच.

शटर इलेक्ट्रॉनिकच वापरा. एका सिनेमाचे दोन लाखांहून जास्त फोटो म्हणजे कित्येक कॅमेऱ्यांच्या यांत्रिक शटरचं पूर्ण आयुष्य. इलेक्ट्रॉनिक शटर सेन्सर ओळीओळीने वाचतं, म्हणून फोटोच्या क्षणी फिल्म पूर्ण थांबलेली हवी. सेकंदाला दोन फ्रेम या वेगाने अडीच तासांच्या सिनेमाला ३० तास लागतात.

दिवा ९५ च्या वर सीआरआय (रंग किती खरे दिसतात त्याचा आकडा) असलेला एलईडी, स्थिर डीसी पुरवठ्यावर, समोर दुधी अ‍ॅक्रिलिक. स्वस्त डिमर उजेड चालू-बंद करून मंद करतो आणि फोटोत आडवे पट्टे येतात. एक्स्पोजर असं ठेवा की फिल्मचा कोरा पारदर्शक भाग जेमतेम पांढऱ्याच्या आत राहील. प्रिंटच्या गडद भागात सेन्सर कमी पडतो, म्हणून रात्रीची दृश्यं असलेल्या रिळांना प्रत्येक फ्रेमचे दोन फोटो घ्या, दुसरा दोन-तीन स्टॉप जास्त (दर स्टॉपला उजेड दुप्पट). फोकस नटाच्या डोळ्यांवर नाही, फिल्मच्या ग्रेनवर (चित्र घडवणाऱ्या बारीक कणांवर) साधायचा, कारण मूळ दृश्य धूसर असलं तरी ग्रेन धारदार असतो. दर बैठकीच्या सुरुवातीला रिकाम्या गेटचा एक फोटो घ्या. कडांना उजेड कमी पडत असेल तर त्याच्या आधाराने नंतर सारखा करता येतो.

सिनेमास्कोप प्रिंटमध्ये चेहरे उभट दिसतील, कारण चित्र आडवं निम्म्याने दाबलेलं असतं. स्कॅन तसाच ठेवा, पसरवायचं काम शेवटच्या प्रतीत.

आवाज

साउंडट्रॅक फोटोतच आलेला असल्याने वेगळं यंत्र लागत नाही. फिल्म सेकंदाला ४५६ मिमी धावते आणि तुमच्या फोटोत दर मिलिमीटरला १६७ पिक्सेल आहेत, म्हणजे सेकंदाला सुमारे ७६,००० नमुने मिळतात. जुन्या ऑप्टिकल ट्रॅकला (प्रकाशाने वाचल्या जाणाऱ्या आवाजाच्या पट्टीला) हे पुरून उरतं. 'एईओ-लाइट' हे मोफत सॉफ्टवेअर फोटोंतून आवाज काढतं. वर-खाली आलेला तो अडीच मिमीचा भाग इथे कामी येतो, त्याच्या जोरावर एका फ्रेमचा ट्रॅक पुढच्याला सांधला जातो. दर सेकंदाला २४ वेळा भुणभुण ऐकू आली तर सांधा चुकलाय किंवा उजेड सारखा नाही.

प्रिंटवर आवाज चित्राच्या सुमारे २० फ्रेम पुढे छापलेला असतो, कारण प्रोजेक्टरमध्ये आवाज वाचणारा भाग गेटच्या खाली असतो. त्यामुळे काढलेला आवाज २० फ्रेम, म्हणजे ०.८३ सेकंद, उशिरा सरकवावा लागतो. नंतर ओठांशी जुळवून एखादी फ्रेम इकडेतिकडे करा. याच कारणाने जोडापाशी चित्र आधी उडी मारतं आणि आवाज पाऊण-एक सेकंदाने तुटतो. दुसऱ्या प्रिंटमधून ठिगळ लावताना चित्राचं आणि आवाजाचं ठिगळ वेगवेगळ्या जागी लागतं. नेमकं इथेच बरेच चांगले प्रयत्न बिघडलेले दिसतात.

साठवण आणि रंग

२४ मेगापिक्सेलची एक रॉ फाइल २५ एमबी धरली तर अडीच तासांचा सिनेमा ५.४ टीबी भरतो, दोन एक्स्पोजर घेतले तर दुप्पट. चार-के डीपीएक्समध्ये (दर फ्रेमची वेगळी चित्र-फाइल) ठेवायचा तर एक फ्रेम ५१ एमबी आणि सगळा सिनेमा ११ टीबी. एफएफव्ही१ हा कोडेक एकही पिक्सेल न गमावता हे ओझं कमी करतो. तीन प्रती ठेवा, त्यांतली एक दुसऱ्या गावात. प्रत्येक फाइलचा एमडी५ चेकसम (फाइल बदलली किंवा बिघडली का ते ओळखायचा आकडा) वेगळ्या यादीत नोंदवा आणि सहा महिन्यांनी पुन्हा ताडून पाहा.

जुनी ईस्टमनकलर प्रिंट गुलाबी झालेली असते, कारण तिच्यातला सायन रंग आधी उडतो. लाल चॅनेलमध्ये जो थोडाफार फरक उरला असेल तो ताणून रंग बराच परत येतो, पण सावलीतला गोंगाटही ताणला जातो. कुठे थांबायचं ते डोळ्यांनी ठरवा. त्वचेवरून आणि पांढऱ्या धोतरावरून अंदाज घ्या, मात्र पांढरं निळसर पांढरं करू नका. ग्रेन पुसू नका. ग्रेन हेच चित्र आहे, ते पुसलं की चेहरे मेणाचे होतात. हरवलेला तपशील स्वतःच्या मनाने भरणारी एआयची साधनं या कामाला वापरू नका.

रिळं ठेवायची कुठे

तुर्भ्याच्या बाजारातल्या कोल्ड स्टोरेजची कल्पना अनेकांना सुचते. तिथे थंडावा असतो, पण फळं-भाज्यांसाठी आर्द्रताही ८५-९५ टक्के ठेवतात, आणि फिल्मला ती बुरशीचं घर होते. घरातली एक आतली खोली, २० ते २२ अंश, ४५ ते ५० टक्के आर्द्रता, बारा महिने सारखी. फक्त रात्री एसी लावून दिवसा बंद ठेवणं घातक, कारण चढउतार फिल्मला जास्त झिजवतात. खाडीजवळच्या कोपरी, ऐरोलीसारख्या भागांत लोखंडी डबे लवकर गंजतात, तेव्हा हवा खेळणारे पॉलिप्रॉपिलीनचे डबे घ्या. रिळं आडवी ठेवा, पाच-सहा डब्यांच्या वर थप्पी नको, आणि तळमजला नकोच.

हक्क

प्रिंट विकत घेतली म्हणजे सिनेमा तुमचा झाला नाही. भारतात सिनेमाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. १९६५ मध्ये प्रदर्शित झालेल्या सिनेमाचा ३१ डिसेंबर २०२५ ला संपला. पण त्यातली गीतं, संगीत, कथा यांचे हक्क त्या त्या लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं वेगळे चालतात. म्हणून स्कॅन सुरू करण्याआधी निर्माता किंवा वारसांकडून लेखी परवानगी मिळवा, आणि नेटवर चढवू नका. पत्रात तपासणीच्या वहीची प्रत जोडा. आपल्या सिनेमाची कुठली रिळं शिल्लक आहेत हे बऱ्याच घराण्यांना माहीतच नसतं, आणि ती यादी पाहून ती माणसं बोलायला तयार होतात. काम झालं की प्रिंट आणि स्कॅनची एक प्रत पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला द्यायचा प्रस्ताव ठेवा. तिथे हवामान नियंत्रित तिजोऱ्या आहेत, आपल्या फ्लॅटमध्ये नाहीत.

प्रिंट तुमच्याकडेच राहणार असेल तर दर ऑक्टोबरमध्ये, पाऊस सरल्यावर, प्रत्येक डब्यात नवी एडी स्ट्रिप ठेवा आणि तारखेसकट आकडा झाकणाच्या आतल्या बाजूला लिहा.